शेतावरून जाणारी लाइन आणि सातबाऱ्यात नसलेली बाई

(वसई पूर्वेला एव्हरशाईन सिटीत भरलेल्या महिला गटांच्या बैठकीतील भाषण. मध्ये आलेले प्रश्न गाळून सलग मजकूर दिला आहे.)



विषय कळल्यावर दोघीतिघींनी मला विचारलं, ‘ताई, आम्ही फ्लॅटमध्ये राहणाऱ्या. आमच्या शेतात कुठला टॉवर यायला बसलाय?’ म्हणून आधी मीच विचारते. माहेरी किंवा सासरी थोडी तरी जमीन आहे अशा किती जणी इथं आहेत? जवळजवळ सगळ्यांचे हात वर आहेत. कुणाची कोकणात, कुणाची खानदेशात, कुणाची इथंच पेल्हारला नाहीतर वाड्याला. आता त्या सातबाऱ्यावर जिचं स्वतःचं नाव आहे तिनंच हात वर ठेवा. आठ. बरं, मला या दोन आकड्यांमधल्या बायकांशी बोलायचं आहे.

आपला पालघर जिल्हा म्हणजे मुंबईला वीज पोचवायची वाट. तारापूरचं अणुवीज केंद्र १९६९ पासून चालू आहे. डहाणूचं ५०० मेगावॉटचं औष्णिक केंद्र नव्वदच्या दशकात आलं, आणि तिथून २२० केव्हीच्या लाइनी घोडबंदर, वर्सोव्याकडे गेल्या. आता वाडा तालुक्यातल्या कुडूसहून मुंबईतल्या आरेपर्यंत सुमारे ८० किलोमीटरची नवी लाइन घेतली आहे; तिच्यातला ५० किलोमीटरच्या आसपास भाग जमिनीखालच्या केबलचा आणि ३० किलोमीटर डोक्यावरून. म्हणजे केबल जमिनीखालून नेता येते, खर्च करायची तयारी असली तर. हे लक्षात ठेवा, कारण गावात साहेब लोक पहिल्यांदा हेच सांगतात की दुसरा पर्यायच नाही. वीज आपल्यालाही हवी आहे, मुंबईत लोकलनं जाणाऱ्या आपणच आहोत. पण विजेचा रस्ता ज्यांच्या डोक्यावरून जातो त्यांना काय मिळतं आणि त्या घरात ते कुणाच्या हातात पडतं, हे विचारायला काय हरकत आहे?

आधी कायदा. मी वकील नाही, समाजकार्य शिकलेली बाई आहे, पण हे कागद वाचून घ्यावे लागले.

लाइन टाकायला जमीन संपादन करत नाहीत. म्हणून २०१३च्या भूसंपादन कायद्यात जो चौपटीपर्यंतचा मोबदला ऐकायला येतो, तो इथं लागू होत नाही. जमीन मालकाचीच राहते, कंपनीला मिळतो तो फक्त वापराचा हक्क. हा हक्क येतो कुठून? तर १८८५च्या तार कायद्यातून. राणीच्या राज्यात तारायंत्राचे खांब रोवायला केलेला कायदा! २००३च्या वीज कायद्याच्या कलम १६४खाली सरकार तेच अधिकार वीज वाहून नेणाऱ्या कंपनीला देऊ शकतं. २०२३ साली नवा दूरसंचार कायदा झाला आणि जुना तार कायदा रद्द ठरला. पण त्याच कायद्यात लिहून ठेवलं की वीजवाहिन्यांपुरता जुन्याचा तिसरा भाग चालूच राहील. म्हणून ‘तो कायदा आता गेला’ असं कुणी सांगितलं तर विश्वास ठेवू नका.

आता कडू गोष्ट. कंपनीकडे कलम १६४चे अधिकार असतील, तर मालकाची आधी संमती घेण्याची गरज नाही, असं सर्वोच्च न्यायालयानं २०१६ साली सेंच्युरी टेक्स्टाइल्सच्या प्रकरणात स्पष्ट केलं आहे. एवढी मोठी कंपनी तिथं हरली, तर आपल्या भाताच्या तुकड्याचं काय, असं वाटेल. पण ‘संमती लागत नाही’ याचा अर्थ ‘काहीही करता येतं’ असा होत नाही. तुम्ही विरोध केलात तर कंपनीला जिल्हादंडाधिकाऱ्यांकडे, म्हणजे आपल्याकडे पालघरला कलेक्टरांकडे जावं लागतं, तिथून आदेश आणावा लागतो. तो आदेश झाल्यावरही अडवलं तर मात्र गुन्हा होतो. आदेश होईपर्यंत बांधावर उभा राहून दम देणारा ठेकेदाराचा मुकादम हा फक्त मुकादम असतो. त्याला दोन कागद मागा: कंपनीला हे अधिकार दिल्याची सरकारी अधिसूचना, आणि कलेक्टरांचा आदेश. बायकांनी शांतपणे कागद मागितला की किती गडबड उडते ते तुम्हाला रेशन दुकानावरून माहीत आहेच.

गावातले साधे पोल आणि डीपी यांची गोष्ट थोडी वेगळी. ज्या कंपनीकडे कलम १६४चे अधिकार नाहीत, तिला २००६च्या नियमांप्रमाणे जागेच्या मालकाची किंवा ताबेदाराची आधी संमती घ्यावी लागते. नाहीच मिळाली तर जिल्हादंडाधिकाऱ्यांची परवानगी, आणि ती देताना त्यांनी नुकसानभरपाई किंवा वार्षिक भाडं किंवा दोन्ही ठरवायचं असतं. पुढं कधी योग्य कारण दाखवलं तर ते खांब हलवायचाही आदेश देऊ शकतात. नियमात ‘ताबेदार’ हा शब्द आहे, त्याखाली रेघ मारा. नवरा मुंबईत, जमीन सासऱ्याच्या नावावर आणि कसणारी तुम्ही, तर दारात आलेल्या माणसानं तुम्हाला विचारायला हवं. ‘घरात कुणी पुरुष माणूस आहे का?’ या प्रश्नाला तिथं जागा नाही.

मोबाइलवर एक संदेश फिरतोय, तुमच्यापैकी अनेकींना आला असेल. शेतात डीपी असेल तर कलम ५७प्रमाणे दर महिन्याला पाच हजार रुपये मिळतात म्हणे. मी ते कलम वाचलं. ते वीज कंपनीनं सेवेचा दर्जा राखला नाही तर ग्राहकाला भरपाई देण्याबद्दल आहे, डीपीच्या भाड्याचा त्यात उल्लेखही नाही. अर्ज लिहून देण्याच्या नावाखाली यावर पैसे घेणारे लोक आहेत. त्यांच्या नादी लागू नका.

आता पैशाकडे येते. तार कायद्याच्या कलम १०मध्ये दोन वाक्यं फार मोलाची आहेत. काम करताना शक्य तितकं कमी नुकसान करायचं, आणि जे होईल त्याची पूर्ण भरपाई ‘सर्व हितसंबंधी व्यक्तींना’ द्यायची. सर्व हितसंबंधी व्यक्तींना! मालकाला असं तिथं म्हटलेलं नाही, कर्त्या पुरुषाला असं नाही, सातबाऱ्यावर ज्याचं नाव पहिलं त्याला असंही नाही. १८८५ साली हे लिहिणाऱ्या साहेबाच्या मनात वारली बाई किंवा आगरी सून असेल असं मला मुळीच वाटत नाही. पण शब्द लिहिले गेले आहेत, तर ते वापरायचे.

प्रत्यक्षात काय होतं? महामार्गापलीकडच्या एका गावातली बाई आमच्याकडे आली होती. तिचं नाव, गाव सांगत नाही. नवरा वारून सहा वर्षं झालेली, दोन मुली. जमीन अजून सासऱ्यांच्या नावावर, सासरेही वारलेले. वारस नोंद करताना दिरानं स्वतःचंच नाव लावून घेतलं. शेतात मनोऱ्याचे चार पाय आले. पंचनामा झाला त्या दिवशी ही भाताची लावणी करायला दुसऱ्याच्या शेतात मजुरीला गेली होती. पंच म्हणून दिराचे दोन मित्र. चेक दिराच्या खात्यात. हिला कळलं कधी, तर त्याच्या दारात नवी मोटारसायकल उभी राहिली तेव्हा. ती रडत नव्हती. तिनं विचारलं ते असं: ‘ते झाड माझ्या धन्यानं लावलेलं, मी पाणी घातलं. ते तोडल्याचे पैसे त्याला कसे?’ जांभळाचं झाड होतं.

तिचा हक्क संपला होता का? नाही. हिंदू वारसा कायद्यात विधवा आणि मुली १९५६पासून पहिल्या वर्गातल्या वारस आहेत. महाराष्ट्रानं १९९४ साली मुलींना वडिलोपार्जित मिळकतीत जन्मतः हिस्सा दिला, पण तेव्हा लग्न झालेल्यांना वगळून. २००५ साली केंद्रानं तो सगळ्याच मुलींना दिला, आणि २०२०च्या विनीता शर्मा निकालानं वडील हयात होते की नव्हते हा घोळही मिटवला. वसईतल्या ख्रिस्ती भगिनींना १९२५चा वारसा कायदा लागू; मृत्युपत्र नसेल तर विधवेला एक तृतीयांश आणि उरलेलं मुलामुलींत सारखं. आणि सातबारा हा महसुलाचा कागद आहे, मालकीचा अखेरचा पुरावा नव्हे. त्यावर नाव नसणं ही अडचण आहे खरी, पण हक्क त्यामुळे मरत नाही. हक्क मरतो तो हक्कसोड पत्रावर सही केल्यावर. भावाचं प्रेम, माहेरचं दार उघडं राहणं, भाऊबीजेची साडी, सगळं त्या एका सहीवर टांगलेलं असतं हे मला माहीत आहे. ‘सही करू नकोस’ असं मी कुणाला वरून सांगणार नाही. मात्र लाइनचं सर्वेक्षण सुरू झालंय आणि त्याच आठवड्यात भाऊ हक्कसोडीचा कागद घेऊन आला, तर निदान तो घरी ठेवून घ्या आणि आमच्याकडे या.

लाइनवाल्या कायद्यात अशा बाईसाठी एक दार आहे, ते फारसं कुणी सांगत नाही. कलम १६चं चौथं पोटकलम. भरपाई कुणाला द्यायची किंवा कुणाचा वाटा किती यावर वाद असेल, तर कंपनी ती रक्कम जिल्हा न्यायाधीशांच्या न्यायालयात भरू शकते, आणि मग सगळ्यांना नोटीस देऊन, ऐकून घेऊन न्यायाधीश वाटे ठरवतात. कंपनीला हे करता यायचं तर वाद आहे हे तिला कळायला हवं. म्हणून चेक निघायच्या आधी एक साधा अर्ज. ‘या गटातील मिळकतीत माझा वारस म्हणून हिस्सा आहे, मोबदल्याच्या वाटपास माझी हरकत आहे, रक्कम न्यायालयात भरावी.’ कंपनीला एक, प्रांत ऑफिसला एक, तहसीलदारांना एक. प्रत्येकाच्या प्रतीवर पोच घ्या, शिक्का आणि तारीख. शिक्क्याशिवाय परतायचं नाही. पैसे दिराच्या खात्यात गेल्यानंतर मागे लागण्यापेक्षा हे शंभर पटीनं सोपं. गेलेच असतील तर दिवाणी दावा आहे, पण त्याला किती वर्षं लागतात ते मी सांगायला नको. त्या बाईचा तसाच चालू आहे.

रक्कम कमी वाटली तर तिसरं पोटकलम: जिल्हा न्यायाधीशांकडे अर्ज. त्याला तीन वर्षांची मुदत आहे, हे सर्वोच्च न्यायालयानं १९७६ साली कुन्हालिउम्माच्या प्रकरणात सांगितलं. आणि भरपाई ठरवताना काय पाहायचं ते २००७ साली लिविशाच्या प्रकरणात: जमीन कुठं आहे, तार कडेनं जाते की मधोमध, तुकडा केवढा आहे, वापर किती बंद होतो. दोन्ही खटल्यांत समोर केरळचं वीज मंडळ, आणि नावं बायकांची. आपल्यापैकी कुणी न्यायालयाची पायरी चढायला घाबरली तर ही नावं सांगत जा.

आता शासनाच्या दरांबद्दल. महाराष्ट्राच्या ३१ मे २०१७च्या शासन निर्णयात मनोऱ्याच्या पायाखालच्या जागेला रेडीरेकनरच्या दुप्पट आणि तारांखालच्या पट्ट्याला १५ टक्के असं धरलं होतं. केंद्राच्या जून २०२४च्या मार्गदर्शक सूचना मनोऱ्याच्या जागेला २०० टक्के आणि पट्ट्याला ३० टक्के म्हणतात. मार्च २०२५मध्ये, फक्त आंतरराज्य लाइनींसाठी, पट्ट्याचा दर ग्रामीण भागात ३०, नगरपालिकांत ४५ आणि महानगरपालिका क्षेत्रात ६० टक्के केला. केंद्राच्या सूचना राज्यानं स्वीकाराव्या लागतात. म्हणून ‘आमच्या लाइनला नेमका कोणता आदेश लावला?’ हे लेखी विचारायचं.

फरक किती पडतो पाहा. २२० केव्हीच्या लाइनचा पट्टा साधारण ३५ मीटर रुंद धरतात. तुमच्या शेतातून तो ६० मीटर लांब जातोय. झाले २,१०० चौरस मीटर, अर्ध्या एकराहून जास्त. समजा दर चौरस मीटरला १,००० रुपये. पंधरा टक्क्यांनी ३ लाख १५ हजार, तीस टक्क्यांनी ६ लाख ३० हजार, साठ टक्क्यांनी १२ लाख ६० हजार. जमीन तीच, तारा त्याच. आपला वसई-विरारचा पट्टा २००९पासून महानगरपालिकेत आहे, त्यामुळे गाव पालिकेत की बाहेर यावरही लाखांचा फरक. उभ्या पिकाचे आणि झाडांचे पैसे याखेरीज वेगळे. चिकू, आंबा, नारळ, वाडीतला शेवगा, केळी सगळं मोजून घ्या. परसातलं मोजायचं राहतं, कारण पुरुषांना ते उत्पन्न वाटत नाही. बाजारच्या टोपलीवर घर चालवणारीला विचारा. आणि पट्ट्याखाली पुढं घर बांधता येत नाही, उंच झाड लावता येत नाही. रस्त्याकडेची ती जागा लेकीसाठी ठेवलेली असते बऱ्याचदा.

पाड्यावरच्या बायांचं वेगळं सांगायला हवं, आज त्या चौघी आल्यात म्हणून जास्तच. अनुसूचित जमातींना हिंदू वारसा कायदा लागू नाही. २०२२ साली ओडिशातल्या कमला नेटी यांचा खटला सर्वोच्च न्यायालयात निकाली निघाला. जमिनीच्या मोबदल्यातल्या हिश्शाचाच वाद होता. न्यायालयानं मान्य केलं की आदिवासी मुलीला वगळणं समर्थनीय नाही, केंद्राला कायदा बदलण्याचा विचार करायला सांगितलं, पण तिला हिस्सा दिला नाही. मला तो निकाल वाचून राग आला होता, अजून आहे. कायदा अजून बदललेला नाही. पण जुलै २०२५मध्ये छत्तीसगडच्या गोंड कुटुंबाच्या प्रकरणात त्याच न्यायालयानं म्हटलं, बाईला वगळणारी प्रथा आहे असं सिद्ध झालं नसेल तर समानतेच्या तत्त्वानं तिच्या वारसांना हिस्सा मिळेल. म्हणून ‘आपल्यात बायकांना देत नाहीत’ असं कुणी म्हणालं की विचारायचं, सिद्ध करून दाखव. वारली, कोकणा, मल्हार कोळ्यांत विधवा जमीन कसते, पाड्यावर सगळे ते पाहतात. तेही प्रथेतच येतं ना?

वनपट्ट्यांचं मात्र बरं आहे. २००६च्या वनहक्क कायद्यात पट्टा नवराबायको दोघांच्या नावानं द्यायचा असं लिहिलेलं आहे. तिथून लाइन जात असेल तर मोबदल्याच्या कागदावर दोघांच्या सह्या मागा, आणि ग्रामसभेत हा विषय येईल त्या दिवशी मजुरी बुडाली तरी जा.

खाजगी जमिनीवर बायकोचं नाव लावण्याची खटपट जुनी आहे. शेतकरी संघटनेनं ‘लक्ष्मी मुक्ती’ म्हणून ती चालवली, १९९२ साली शासनानंही परिपत्रक काढलं. तलाठ्याकडे जाऊन विचारा, तुमच्या गावात किती बायकांची नावं लागली. उत्तर ऐकून हसू येईल.

एव्हरशाईनमधल्यांसाठी आणि वालीव, सातिवलीच्या चाळींत भाड्यानं राहणाऱ्यांसाठी थोडं. लाइन आधीची आणि इमारत नंतरची असेल तर भरपाईचा प्रश्न येत नाही, सुरक्षित अंतराचा येतो. ३३ केव्हीच्या तारेपासून छत ३.७ मीटर खाली हवं, बाजूनं २ मीटर. २२० केव्हीला ते अनुक्रमे ५.५ आणि ३.८ मीटर होतं. चाळीवर पत्र्याचा एक मजला चढवला की हे अंतर संपतं, आणि गच्चीवर कपडे वाळत घालायला जाते ती बाईच. तक्रार विद्युत निरीक्षकांकडे करायची. अपघात झालाच तर चौकशी त्यांनाच करावी लागते. तार तुटून कुणी गेलं आणि कंपनी म्हणाली ‘तिसऱ्याच माणसानं चोरून आकडा टाकला होता’, तर २००२चा शैलकुमारीचा निकाल दाखवा. सायकलवरून घरी येणारा तिचा नवरा रस्त्यावर पडलेल्या तारेनं गेला होता. वीज मंडळानं हेच कारण दिलं आणि न्यायालयानं ते मानलं नाही. धोकादायक गोष्ट चालवता, तर जबाबदारी तुमची.

शेवटी कामाचं. पुढच्या बैठकीला येताना माहेरचा आणि सासरचा, दोन्ही सातबारे आणा, ऑनलाइन निघतात, मोबाइलवर कुणी काढून देईल. फेरफाराचा उतारा मिळाला तर तोही. वारस नोंद राहिली असेल तर मृत्यूचा दाखला सोबत घ्या, अर्ज इथंच बसून लिहू. आणि ज्यांच्या गावात लाल खुणेचे खुंट मारून गेलेत, त्यांनी पुढच्या बैठकीची वाट पाहू नका, उद्याच फोन करा. पंचनाम्याच्या दिवशी निदान दोघी बांधावर हव्यात.